अँटिव्हायरस म्हणतो ‘डीएलएल सापडत नाही’: आधी फाइलचा मालक शोधा

अँटिव्हायरस सुरू होताना चौकट येते: अमुक डीएलएल या संगणकावर नाही, प्रोग्रॅम पुन्हा इन्स्टॉल करून बघा. बहुतेक जण फाइलचं नाव गूगलवर टाकतात, समोर येईल त्या ‘फ्री डीएलएल’ साइटवरून ती उतरवतात आणि विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरमध्ये टाकतात. हे करू नका. ती फाइल कोणत्या आवृत्तीची आहे, ३२ बिटची की ६४ बिटची, तिच्यात कुणी काही घुसवलंय का, यातलं काहीच तुम्हाला कळत नाही. शिवाय अशी फाइल पुढच्या अपडेटमध्ये दुरुस्त होईल याचीही खात्री नसते. ज्या सॉफ्टवेअरच्या भरवशावर सगळा संगणक आहे, त्याच्याच पोटात अनोळखी फाइल जाते.

डीएलएल ही बऱ्याचदा सामायिक फाइल असते. एकाच फाइलमधला कोड एकाच वेळी अनेक प्रोग्रॅम वापरतात. म्हणून ‘फाइल कुठून आणू?’ याआधी ‘ही फाइल कुणाची?’ हे विचारायचं. मालक तिघांपैकी एक असतो: विंडोज, मायक्रोसॉफ्टचं व्हिज्युअल सी++ रनटाइम (सी++ भाषेत लिहिलेल्या प्रोग्रॅमना चालायला लागणाऱ्या फाइलींचा संच), किंवा अँटिव्हायरस बनवणारी कंपनी. मालक कळला की दुरुस्ती त्याच्याच इन्स्टॉलरकडून करून घ्यायची, हाताने फाइल टाकायची नाही.

(खाली फाइलींची नावं आणि कमांड उच्चाराप्रमाणे दिल्या आहेत. पडद्यावर त्या रोमन अक्षरांत दिसतील आणि टाइपही रोमनमध्येच करायच्या.)

अँटिव्हायरसला विंडोजच्या फाइली कशाला लागतात

अँटिव्हायरस सगळं स्वतः करत नाही. एखाद्या प्रोग्रॅमची डिजिटल सही खरी आहे का हे तपासायला तो विंडोजच्या विनट्रस्ट.डीएलएलला विचारतो. प्रमाणपत्रांचं काम क्रिप्ट३२.डीएलएलकडे असतं आणि हॅश, म्हणजे फाइलच्या मजकुरावरून काढलेला तिचा ओळख-आकडा, काढण्याचं बीक्रिप्ट.डीएलएलकडे. फाइल उघडली जात असतानाच तपासणारा ड्रायव्हर विंडोजच्या गाभ्यात बसलेला असतो. त्याच्याशी बोलायला फ्लटलिब.डीएलएल लागते. सिक्युरिटी सेंटरमध्ये ‘संरक्षण चालू आहे’ असं दिसतं, त्यामागे डब्ल्यूएससीएपीआय.डीएलएल असते.

विंडोज १० पासून यात एम्सी.डीएलएल (ए-एम-एस-आय) आली. पॉवरशेलची (विंडोजमधली कमांड लिहायची खिडकी) स्क्रिप्ट किंवा ऑफिसमधलं मॅक्रो (आपोआप चालणाऱ्या सूचना) चालायच्या बेताला आलं की त्यातला मजकूर एम्सीमार्फत अँटिव्हायरसकडे तपासायला जातो. स्क्रिप्ट सांकेतिक करून लपवली असली तरी चालण्यापूर्वी ती कधी ना कधी उघडी व्हावीच लागते, आणि एम्सी ती नेमकी तिथे पकडते. म्हणून ही फाइल बिघडली तर अँटिव्हायरसचं हिरवं चिन्ह जसंच्या तसं राहू शकतं, पण स्क्रिप्टच्या बाजूने दार उघडं राहतं.

मेसेज नीट वाचा

चौकट बंद करण्याआधी तिचा फोटो काढा. त्यात तीन गोष्टी बघायच्या: मेसेज कुठल्या प्रोग्रॅमचा आहे, कुठल्या डीएलएलचं नाव आहे, आणि एररचा आकडा काय आहे. आकडा बरंच सांगून जातो.

१२६ म्हणजे मॉड्यूल (इथे डीएलएल) सापडलं नाही. इथे एक मोठी गफलत होते. मेसेजमध्ये ज्या डीएलएलचं नाव असतं ती जागेवरच असते आणि गायब असते ती तिला लागणारी दुसरीच फाइल. नाव दिसलेली फाइल दहा वेळा बदलली तरी १२६ जात नाही तो यामुळेच. १२७ म्हणजे फाइल सापडली, पण हवं ते फंक्शन तिच्यात नाही. थोडक्यात, चुकीच्या आवृत्तीची फाइल बसली आहे. १९३ किंवा ०एक्ससी०००००७बी आलं तर ३२ आणि ६४ बिटची सरमिसळ झाली आहे किंवा फाइल अर्धवट लिहिली गेली आहे. ०एक्ससी००००१३५ म्हणजे प्रोग्रॅम सुरू होतानाच लागणारी डीएलएल नाही. ५७७ म्हणजे फाइल आहे, पण तिच्या सहीची खातरजमा विंडोजला करता आली नाही.

फोल्डरच्या नावांचा घोळ

६४ बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ फोल्डरात ६४ बिटच्या डीएलएल असतात आणि सिसवाव६४ फोल्डरात ३२ बिटच्या. नावं उलटी वाटतात, पण व्यवस्था तशीच आहे. जुन्या प्रोग्रॅममध्ये ‘सिस्टम३२’ हे नाव पक्कं लिहिलेलं असायचं, ते मोडू नये म्हणून ती ठेवली गेली. ३२ बिटच्या प्रोग्रॅमने सिस्टम३२ मागितलं तर विंडोज त्याला गुपचूप सिसवाव६४ कडे वळवतं. हाताने फाइल टाकणारे इथे हमखास फसतात: ३२ बिटची फाइल सिस्टम३२ मध्ये पडते, ती ६४ बिटच्या प्रोग्रॅमच्या वाट्याला येते आणि आधी चालणारे प्रोग्रॅमसुद्धा ०एक्ससी०००००७बी दाखवून बंद पडतात.

शोधण्याचा क्रमही लक्षात ठेवा. काही ठरावीक सिस्टम फाइली सोडल्या, तर विंडोज डीएलएल आधी प्रोग्रॅमच्या स्वतःच्या फोल्डरमध्ये शोधतं, मग सिस्टम३२ मध्ये, मग विंडोज फोल्डरमध्ये, त्यानंतर चालू फोल्डरमध्ये आणि शेवटी पाथमध्ये (फोल्डरांची यादी ठेवणारं विंडोजचं सेटिंग) लिहिलेल्या ठिकाणी. त्यामुळे अँटिव्हायरसच्या फोल्डरमध्ये कुणी जुनी प्रत टाकून ठेवली असेल, तर सिस्टम३२ मधली नवी फाइल असून नसल्यासारखी.

फाइल व्हिज्युअल सी++ रनटाइमची असेल तर

नाव एमएसव्हीसीपी किंवा व्हीसीरनटाइमने सुरू होत असेल, किंवा एमएसव्हीसीआर आणि पुढे आकडा असेल, तर ती या गटातली. आकड्यावरून पॅकेज कळतं: १०० म्हणजे २०१०, ११० म्हणजे २०१२, १२० म्हणजे २०१३. १४० असेल तर २०१५ पासून पुढचं एकच पॅकेज पुरतं. पण १४० चं पॅकेज घातलं म्हणून १०० किंवा १२० ची फाइल मिळत नाही. ती पॅकेजं वेगळी घालावी लागतात.

पॅकेज मायक्रोसॉफ्टच्याच साइटवरून घ्या आणि एक्स८६ (३२ बिट) व एक्स६४ (६४ बिट) अशी दोन्ही घ्या. संगणक ६४ बिटचा असला तरी अँटिव्हायरसचे काही भाग ३२ बिटचे असू शकतात. १४० ची दोन्ही पॅकेजं मिळून सुमारे ४० एमबी होतात. घातल्यावर रीस्टार्ट करा. ‘०एक्स८००७०६६६’ असा एरर आला तर त्याहून नवी आवृत्ती आधीच आहे. अशा वेळी कंट्रोल पॅनेलच्या प्रोग्रॅम यादीत तिच्यावर ‘चेंज’ आणि मग ‘रिपेअर’ करा. व्हीसीरनटाइम१४०_१.डीएलएल, म्हणजे शेवटी खालची रेघ आणि १ असलेली फाइल नाही असं येत असेल, तर तुमचं पॅकेज २०१९ च्या आधीचं आहे. नवं घातलं की काम होतं.

एपीआय-एमएस-विन-सीआरटी अशा लांबलचक नावाची फाइल मागितली जात असेल, तर ती युनिव्हर्सल सीआरटीची, म्हणजे सी भाषेतल्या प्रोग्रॅमना लागणाऱ्या मूलभूत फाइलींची. विंडोज १० आणि ११ मध्ये ती विंडोजचाच भाग आहे. विंडोज ७ वर केबी२९९९२२६ हे अपडेट लागतं.

फाइल विंडोजची असेल तर

विनट्रस्ट, क्रिप्ट३२, एम्सी, डब्ल्यूएससीएपीआय यांच्यासाठी दोन कमांड आहेत, आणि त्या याच क्रमाने चालवायच्या. स्टार्टमध्ये सीएमडी लिहा, राइट-क्लिक करून ‘रन ॲज ॲडमिनिस्ट्रेटर’ निवडा.

पहिली: डीआयएसएम /ऑनलाइन /क्लीनअप-इमेज /रिस्टोअरहेल्थ

दुसरी: एसएफसी /स्कॅननाऊ

प्रत्येक स्लॅशच्या आधी एक जागा सोडायची, नंतर नाही. एसएफसी खराब फाइल बदलते ती विंडोजच्या विनएसएक्सएस या साठ्यातली प्रत घेऊन. तो साठाच बिघडलेला असेल तर एसएफसी काय बदलणार? म्हणून आधी डीआयएसएमने साठा नीट करायचा. डीआयएसएमचा आकडा ६२.३ टक्क्यांवर बराच वेळ अडकलेला दिसतो. खिडकी बंद करू नका, तो पुढे सरकतो. वेग इंटरनेटवर आणि डिस्कवर अवलंबून असतो, अर्धा तासही लागू शकतो.

‘०एक्स८००एफ०८१एफ’ आलं तर दुरुस्तीसाठी मूळ फाइली मिळाल्या नाहीत. तेव्हा तुमच्याच आवृत्तीची विंडोजची आयएसओ फाइल मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून घ्या, तिच्यावर डबल-क्लिक करून ती ड्राइव्ह म्हणून उघडा आणि डीआयएसएमच्या कमांडला शेवटी हे जोडा: /सोर्स:विम:ई:\सोर्सेस\इन्स्टॉल.विम:१ /लिमिटॲक्सेस. ‘ई’च्या जागी तुमच्या ड्राइव्हचं अक्षर घाला. आत इन्स्टॉल.विमऐवजी इन्स्टॉल.ईएसडी असेल तर दोन्ही ठिकाणी ‘विम’चं ‘ईएसडी’ करा. शेवटचा १ हा होम, प्रो वगैरे प्रकाराचा क्रमांक असतो. तो जुळला नाही तर पुन्हा तोच एरर येतो.

एसएफसीने ‘काही फाइली दुरुस्त करता आल्या नाहीत’ म्हटलं, तर सी:\विंडोज\लॉग्ज\सीबीएस मधली सीबीएस.लॉग आधी डेस्कटॉपवर कॉपी करा, मग नोटपॅडमध्ये उघडा. चौकटी कंसातलं ‘एसआर’ शोधत गेलात की न जमलेल्या फाइलींची नावं सापडतात. रीस्टार्ट बाकी असल्याचा मेसेज आला तर नुसतं ‘शटडाऊन’ करून भागत नाही. फास्ट स्टार्टअपमुळे ते पूर्ण बंद होणं नसतं, ‘रीस्टार्ट’च निवडा. विंडोज ७ मध्ये डीआयएसएमची ही सोय नाही. तिथे केबी९४७८२१ हे साधन वापरून मग एसएफसी चालवायची.

या फाइलींची मालकी ट्रस्टेडइन्स्टॉलर या विंडोजच्या स्वतःच्या सेवेकडे असते. ती स्वतःच्या नावावर करून फाइल बदलायचे सल्ले इंटरनेटवर भरपूर मिळतात. आमचं मत स्पष्ट आहे: त्या वाटेला जाऊ नका. परवानग्या एकदा विस्कटल्या की पुढची अपडेटं अडकतात, आणि मूळ बिघाडापेक्षा ते निस्तरणं जड जातं.

फाइल अँटिव्हायरसचीच असेल तर

प्रोग्रॅम फाइल्समधल्या त्या कंपनीच्या फोल्डरमध्ये ती असते. तिथे हाताने काही बदलायला गेलात तर ॲडमिनिस्ट्रेटर असूनही ‘ॲक्सेस डिनाइड’ येईल. अँटिव्हायरस स्वतःचं फोल्डर राखतो, आणि ते बरोबरच आहे, कारण व्हायरसही सर्वांत आधी तिथेच हात घालतो. विंडोज ८.१ पासून अँटिव्हायरसची सेवा संरक्षित प्रोसेस म्हणून चालू शकते. अशा सेवेत योग्य सही नसलेली डीएलएल विंडोज शिरूच देत नाही. इव्हेंट व्ह्यूअर या विंडोजच्या नोंदवहीत ॲप्लिकेशन्स अँड सर्व्हिसेस लॉग्ज, मायक्रोसॉफ्ट, विंडोज, कोडइंटिग्रिटी, ऑपरेशनल या क्रमाने गेलात तर ३०३३ क्रमांकाची नोंद अशा नाकारलेल्या फाइलचं नाव सांगते.

आधी प्रोग्रॅम यादीतून ‘रिपेअर’ करून बघा. जमलं नाही तर पूर्ण काढून पुन्हा घाला, पण या क्रमाने:

१. प्रॉडक्ट की आणि खात्याचा ईमेल लिहून ठेवा. पुण्याच्या क्विक हीलसारखी उत्पादनं दुकानातून खोक्यात घेतलेली असतात आणि ते खोकं नेमकं वेळेला सापडत नाही.

२. नवा इन्स्टॉलर कंपनीच्या साइटवरून आधीच उतरवून ठेवा.

३. नेहमीच्या पद्धतीने अनइन्स्टॉल करा. मध्येच ‘ही सामायिक फाइल आता कुणी वापरत नाही, काढू का?’ असं विचारलं तर ‘नाही’ म्हणा. कोणती फाइल किती प्रोग्रॅम वापरतात याची मोजणी विंडोजच्या रजिस्ट्रीत ‘शेअर्डडीएलएल्स’मध्ये असते, पण प्रत्येक इन्स्टॉलर ती प्रामाणिकपणे ठेवतोच असं नाही. उरलेली फाइल थोडी जागा खाते. काढलेली फाइल दुसराच प्रोग्रॅम बंद पाडते.

४. रीस्टार्ट करा, मग त्या कंपनीचं काढण्याचं खास साधन चालवा. अवास्टचं अवास्ट क्लिअर, ईसेटचं ईसेट अनइन्स्टॉलर अशी ती मिळतात. काही साधनं सेफ मोडमध्ये चालवायची असतात. त्याआधी डिस्कवर बिटलॉकर (डिस्कला कुलूप घालणारी विंडोजची सोय) चालू आहे का बघा आणि असेल तर रिकव्हरी की हाताशी ठेवा.

५. पुन्हा रीस्टार्ट, मग नवं इन्स्टॉल.

रेजसर्व्हर३२ ने डीएलएल ‘रजिस्टर’ करायचा सल्लाही सर्रास दिला जातो. तो फक्त कॉम प्रकारच्या, म्हणजे रजिस्ट्रीत स्वतःची नोंद करणाऱ्या डीएलएलना लागू पडतो. बाकीच्यांवर ‘डीएलएलरजिस्टरसर्व्हर सापडलं नाही’ असं उत्तर येतं आणि त्याचा अर्थ फाइल खराब आहे असा होत नाही.

विंडोजचा स्वतःचा डिफेंडर असेल तर काढणं-घालणं नसतं. ॲडमिनिस्ट्रेटर कमांड प्रॉम्प्टमध्ये सी:\प्रोग्रॅम फाइल्स\विंडोज डिफेंडर या फोल्डरात जा आणि एमपीसीएमडीरन.ईएक्सई ही कमांड -रिमूव्हडेफिनिशन्स -डायनॅमिकसिग्नेचर्स अशी चालवा, मग तीच -सिग्नेचरअपडेट घालून. डिफेंडरचं तपासणी इंजिन एमपीइंजिन.डीएलएल हे व्हायरस ओळखण्याच्या व्याख्यांच्या अपडेटबरोबर येतं, त्यामुळे अर्धवट अपडेटने बिघडलेलं बरंचसं इथेच सुटतं.

काढून टाकलेला अँटिव्हायरस मागे काय ठेवतो

जुना अँटिव्हायरस काढल्याबरोबर इंटरनेट बंद पडलं, वायफाय मात्र जोडलेलं दिसतंय? वेब तपासणारी काही सॉफ्टवेअरं आपली डीएलएल विनसॉकच्या, म्हणजे विंडोजच्या नेटवर्क जोडणीच्या साखळीत अडकवतात. फाइल गेली आणि नोंद राहिली की जोडणी तिथेच तुटते. ॲडमिनिस्ट्रेटर कमांड प्रॉम्प्टमध्ये ‘नेटएसएच विनसॉक रीसेट’ चालवा आणि रीस्टार्ट करा. व्हीपीएन वापरत असाल तर तो कदाचित पुन्हा घालावा लागेल.

उलटा प्रकारही दिसतो: प्रत्येक सुरुवातीला ‘रनडीएलएल’ची चौकट येते आणि भलत्याच नावाची फाइल नसल्याचं सांगते. अनेकदा अँटिव्हायरसने व्हायरसची डीएलएल काढलेली असते आणि तिला सुरू करणारी नोंद मात्र राहिलेली असते. अशी फाइल शोधून परत आणायची नसते! मायक्रोसॉफ्टच्या सिसइंटर्नल्स या साधनसंचातलं ऑटोरन्स ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून उघडा. आपोआप सुरू होणाऱ्या गोष्टींची यादी ते दाखवतं. फाइल नसलेल्या नोंदी पिवळ्या दिसतात. चौकटीत दिसलेल्या नावाच्या नोंदीची खूण आधी नुसती काढा, रीस्टार्ट करून बघा, दोन-चार दिवस सगळं ठीक चाललं तर मग डिलीट करा.

अँटिव्हायरसनेच डीएलएल उचलली असेल तर

नोव्हेंबर २००८ मध्ये एव्हीजीच्या एका अपडेटने विंडोज एक्सपीची युजर३२.डीएलएल ट्रोजन ठरवली होती. ज्यांनी ती काढू दिली त्यांचे संगणक सुरूच होईनात. असे चुकीचे इशारे आजही येतात, म्हणून फाइल गायब झाल्यावर सर्वांत आधी क्वारंटाइनची (अँटिव्हायरसने संशयित फाइली कोंडून ठेवायची जागा) यादी बघा. पण लगेच ‘रिस्टोअर’ दाबू नका. व्याख्या अपडेट करा आणि चूक सुधारली आहे का पाहा. त्याच फाइलची प्रत दुसऱ्या संगणकावर असेल तर पॉवरशेलमधल्या गेट-फाइलहॅशने तिचा हॅश काढून तो व्हायरसटोटल या, अनेक अँटिव्हायरसचा निकाल एकत्र दाखवणाऱ्या साइटवर शोधा. हॅश शोधताना फाइल कुठे अपलोड होत नाही. फाइल विंडोजची असेल तर क्वारंटाइनच्या भानगडीत न पडता सरळ वरच्या दोन कमांड चालवणं जास्त सुरक्षित.

सही तपासताना

फाइल खरी आहे का हे बघायला लोक प्रॉपर्टीज उघडतात आणि ‘डिजिटल सिग्नेचर्स’ हा टॅब दिसला नाही की घाबरतात. विंडोजच्या बऱ्याच फाइलींची सही फाइलमध्ये नसतेच. ती सिस्टम३२ मधल्या कॅटरूट फोल्डरातल्या कॅटलॉगमध्ये असते. म्हणून पॉवरशेलमध्ये गेट-ऑथेंटिकोडसिग्नेचर लिहून पुढे फाइलचा पूर्ण पत्ता द्या. स्टेटस ‘व्हॅलिड’ आलं तर चिंता नाही. ‘हॅशमिसमॅच’ आलं तर सही झाल्यानंतर फाइल बदलली गेली आहे.

एम्सीसाठी आणखी एक तपासणी कमांड प्रॉम्प्टमध्ये करा: व्हेअर /आर सी:\ एम्सी.डीएलएल. ही फाइल सिस्टम३२, सिसवाव६४ आणि विनएसएक्सएसमध्येच दिसायला हवी. जुनी विंडोज ठेवली असेल तर विंडोज.ओल्डमध्येही दिसेल. डाउनलोड्समध्ये किंवा एखाद्या प्रोग्रॅमच्या फोल्डरमध्ये ती सापडली तर संशय घ्या. प्रोग्रॅमचं फोल्डर आधी शोधलं जातं, याचा फायदा घेऊन नकली एम्सी पेरायची युक्ती हल्लेखोरांना चांगली ठाऊक आहे.

विंडोज ७ वर नवा अँटिव्हायरस ५७७ देत असेल तर फाइलीत दोष नसतो. नव्या सह्या एसएचए-२ या नव्या हॅश पद्धतीच्या असतात आणि जुन्या विंडोजला त्या वाचता येत नाहीत. केबी४४९०६२८ आणि त्यानंतर केबी४४७४४१९ ही दोन अपडेटं घातली की त्या वाचता येतात.

तरीही फाइलचं नाव कळत नसेल तर

सिसइंटर्नल्सचं प्रोसेस मॉनिटर चालवा. कुठला प्रोग्रॅम कुठली फाइल मागतो याची ते नोंद ठेवतं. फिल्टरमध्ये प्रोसेसचं नाव घाला आणि ‘पाथ एंड्स विथ’ मध्ये .डीएलएल घाला. मग अँटिव्हायरस सुरू करा. ‘नेम नॉट फाउंड’च्या ओळींचा पाऊस पडेल, त्यातल्या बहुतेक निरुपद्रवी असतात. विंडोज एकेका फोल्डरात विचारत पुढे जातं, आणि नंतर कुठेतरी त्याच फाइलपुढे ‘सक्सेस’ येतं. तुम्हाला हवी ती फाइल अशी की जिच्यापुढे शेवटपर्यंत एकदाही ‘सक्सेस’ नाही आणि जिच्यानंतर थोड्याच ओळींत प्रोसेस बंद झाली आहे. १२६ मागची खरी गायब फाइल बहुधा अशीच सापडते.

दुरुस्ती झाल्यावर संरक्षण खरंच चालतंय का हे ईकारच्या चाचणी फाइलने बघा. ६८ अक्षरांची ही निरुपद्रवी फाइल ईकारच्या साइटवर मिळते आणि अँटिव्हायरसने ती उतरताच पकडायला हवी. पकडली नाही, तर कंपनीच्या मदत केंद्राला चौकटीचा फोटो, विंडोजची आवृत्ती (विनव्हर लिहिल्यावर दिसते ती पूर्ण ओळ), सीबीएस.लॉग आणि प्रोसेस मॉनिटरची पीएमएल फाइल एकत्र झिप करून पाठवा. पीएमएलमध्ये तुमच्या फाइलींची नावं आणि पत्ते असतात, त्यामुळे ती सार्वजनिक ठिकाणी न टाकता फक्त त्यांच्या अधिकृत तिकिटावरच जोडा.